पुणे-नगर रस्त्यावरची कॅमेऱ्याची माणसे

पुणे-नगर रस्ता आपल्या समाजाला नवा नाही. दरवर्षी १ जानेवारीला लाखो पावले याच रस्त्याने पेरणे फाट्याकडे वळतात. मात्र जयस्तंभाला मानवंदना दिली की आपण बहुधा तेथूनच परत फिरतो. त्याच्या पुढेही रस्ता आहे. शिरूर लागते, घोड नदीचा पूल ओलांडला की नगर जिल्हा सुरू होतो, मग सुपे, आणि शेवटी नगर शहर. सरकारी कागदावर २०२४ पासून त्याचे नाव अहिल्यानगर झाले. एस.टी.त मात्र अजून "नगर, नगर" असाच पुकारा होतो. या रस्त्याने मी ऑफिसच्या कामासाठी अनेकदा गेलो आहे. परंतु मागच्या जून महिन्यात ज्या कारणासाठी गेलो, त्यामुळे हा रस्ता मला निराळाच दिसला. वाचकांच्या घरातही शिकणारी मुले आहेत, म्हणून हे सविस्तर लिहितो.

कारण असे. आमच्या वस्तीतील एक मुलगा यंदा बी.ए. झाला. त्याचे वडील सफाई कामगार होते, ते दोन वर्षांपूर्वी गेले. लाड-पागे समितीच्या शिफारशींमुळे सफाई कामगाराच्या वारसाला त्याच्या जागी नोकरी मिळते, हे आपल्या वाचकांना ठाऊक आहेच. ती सगळी कागदपत्रे मीच जुळवून दिली. कारकुनाला याहून वेगळे काय येते? अर्जावर सही करायच्या वेळी मुलगा म्हणाला, "काका, मला नगरला जाऊन कॅमेऱ्याचं शिकायचंय. 'पिस्तुल्या'वाले तिथंच शिकले." त्याची आई चुलीपुढून उठून आली आणि म्हणाली, "भाऊ, तुम्हीच सांगा त्याला. कॅमेऱ्यानं पोट भरतं का?"

मी बी.कॉम. झालेला माणूस. जमाखर्च मांडल्याशिवाय मला उत्तर देता येत नाही. म्हणून दोन दिवसांची किरकोळ रजा टाकली आणि मुलाला घेऊन निघालो.

पेरणे फाट्याला आम्ही उतरलो. १ जानेवारी नसल्यामुळे गर्दी नव्हती. स्तंभाभोवती चार-सहा माणसे होती, तेवढीच. मुलाला म्हटले, आज नावे नीट वाच. १८१८ च्या लढाईत पडलेल्यांची नावे त्या दगडावर कोरलेली आहेत आणि त्यांत शेवटी 'नाक' येणारी आपल्या पूर्वजांची बावीस नावे आहेत, असे अभ्यासक सांगतात. बाबासाहेब १ जानेवारी १९२७ ला येथे आले. त्यांनी या स्तंभाकडे पाहिले आणि समाजालाही पाहायला लावले. त्याआधी शंभर वर्षांहून अधिक काळ ही नावे दगडावर होतीच, परंतु ती 'आपली' म्हणून वाचणारे फार थोडे होते. इंग्रजांनी ती आपल्या सोयीसाठी कोरली. आपल्या पूर्वजांना दगडावर जागा मिळाली ती दुसऱ्याच्या हिशेबात.

येथेच कॅमेऱ्याची पहिली गोष्ट येते. सोमनाथ वाघमारे या सांगली जिल्ह्यातील तरुणाने २०१७ मध्ये या स्तंभावर एक माहितीपट केला. त्याच्या इंग्रजी नावाचा अर्थ 'भीमा कोरेगावची लढाई : न संपणारा प्रवास' असा होतो. दोनशे वर्षे पूर्ण होण्याच्या आदल्या वर्षी तो आला, आणि १ जानेवारी २०१८ ला काय घडले ते सांगायची गरज नाही. दूरदर्शनच्या वाहिन्यांना त्या दिवसापर्यंत या जागेचे अस्तित्वही ठाऊक नव्हते, अशा थाटात त्यांनी बातम्या दिल्या. वाघमारे यांचा कॅमेरा मात्र दंगल व्हायच्या आधीच तेथे उभा होता. डोक्यावर गाठोडे आणि कडेवर लेकरू घेऊन येणारी आपली माणसे त्याने टिपून ठेवली. पुढे त्यांनी चैत्यभूमीवर माहितीपट केला आणि गेल ऑम्व्हेट व भारत पाटणकर या दांपत्यावरही केला. गेलताई २०२१ मध्ये गेल्या. त्यांचे बोलणे-चालणे चित्रात राहिले, हे काय थोडे आहे?

आनंद पटवर्धन यांचा 'जयभीम कॉम्रेड' आपल्यापैकी अनेकांनी वस्तीतल्या पडद्यावर पाहिला असेल. घाटकोपरच्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ ला झालेल्या गोळीबारानंतर विलास घोगरे यांनी जीव दिला. तेथून सुरू झालेले ते काम चौदा वर्षे चालले. पटवर्धनांचे ऋण मोठे आहे आणि ते मान्य केलेच पाहिजे. परंतु आपली गोष्ट दुसऱ्याने आपुलकीने सांगणे आणि आपली गोष्ट आपल्या घरातल्या पोराने सांगणे, यांत फरक आहेच. लग्नाचे आमंत्रण शेजाऱ्याच्या हाती पाठवतात, ते पोचतेही. तरी स्वतः गेलेले वेगळे.

शिरूर सोडून घोड नदीच्या पुलावर गाडी आली, तेव्हा मुलाने मला खिडकीतून पलीकडचे गाव दाखवले. गव्हाणेवाडी. 'ख्वाडा'चे दिग्दर्शक भाऊराव कऱ्हाडे यांचे ते गाव. कऱ्हाडे हेही नगरच्याच महाविद्यालयात शिकले. २०१५ मध्ये प्रदर्शित झालेला 'ख्वाडा' हा धनगर कुटुंबाचा चित्रपट आहे. जमीन वनखात्यात गेलेली, कोर्टात दावा वर्षानुवर्षे पडून, आणि मेंढरे घेऊन मुलुखभर हिंडणारा बाप व त्याचे दोन मुलगे. मेंढरे कोणाच्या शेतात बसवायची, कोणाच्या पाया पडायचे, हेच त्यांचे जगणे. मेंढपाळाचा तळ आपण रस्त्याने जाताना शंभर वेळा पाहतो. घोड्यावर बांधलेला संसार, त्यावर बसवलेली कोंबडी आणि पोर. पण त्या तळावर रात्री कोण काय बोलते, ते 'ख्वाडा'पूर्वी आपल्याला कोणी दाखवले होते? चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष उल्लेख मिळाला, शिवाय ध्वनिमुद्रणाचाही पुरस्कार मिळाला. मेंढ्यांचा आवाज, वाऱ्याचा आवाज हेही बक्षीस मिळवण्याजोगे असते, हे मला त्यातून कळले.

पण माझ्यातला कारकून दुसऱ्याच आकड्याला अडला. हा चित्रपट करण्यासाठी कऱ्हाडे यांनी आपली जमीन विकली. मी मुलाला विचारले, "त्यांनी जमीन विकली. तू काय विकणार?" तो हसला आणि खिडकीबाहेर पाहू लागला. विचारायला नको होते असे नाही, प्रश्न खराच आहे. भूमिहीनाच्या पोराला कर्जासाठी तारण ठेवायला सातबारा नसतो.

नगर शहराबद्दल थोडे सांगतो. भुईकोट किल्ल्यात १९४२ ते १९४५ या काळात नेहरू कैदेत होते आणि तेथे त्यांनी ग्रंथ लिहिला, हे शाळेच्या पुस्तकात असते. याच नगरात अमेरिकन मिशनच्या मिस फरार मुलींची शाळा चालवत आणि सावित्रीमाईंनी शिक्षिकेचे प्रशिक्षण त्यांच्याकडे घेतले, हे मात्र किती पाहुण्यांना सांगितले जाते? 'बलुतं' लिहिणारे दया पवार याच जिल्ह्यातल्या अकोले तालुक्याचे. १९७८ मध्ये ते पुस्तक आले तेव्हा आपल्याच काही माणसांनी नाके मुरडली होती, घरातली धुणी चव्हाट्यावर आणली म्हणून. तोच आक्षेप आज चित्रपटांवर घेतला जातो. त्याबद्दल पुढे बोलू.

लाल टाकी भागात न्यू आर्ट्स, कॉमर्स अँड सायन्स कॉलेज आहे. अहमदनगर जिल्हा मराठा विद्या प्रसारक समाज या संस्थेचे हे महाविद्यालय. याच्या संज्ञापन विभागात करमाळा तालुक्यातील जेऊरचा, वडार समाजातील एक तरुण शिकायला आला. पुणे विद्यापीठात मराठी साहित्य शिकून झाले होते, कविता लिहीत होता. त्याचे नाव नागराज मंजुळे. येथे शिकत असताना त्याने पंधरा मिनिटांचा 'पिस्तुल्या' केला. शाळेत जाण्याची आस लागलेल्या एका गरीब भटक्या पोराची ती गोष्ट. २०१० सालच्या राष्ट्रीय पुरस्कारांत दिग्दर्शकाच्या पहिल्या लघुपटाचे रजतकमळ तिला मिळाले. त्यात काम करणारा सूरज पवार नावाचा मुलगा पुढे 'फँड्री'त पिऱ्याचा आणि 'सैराट'मध्ये प्रिन्सचा झाला.

आम्ही प्रवेशाची चौकशी केली, फीचा आकडा लिहून घेतला, शिष्यवृत्तीला लागणाऱ्या दाखल्यांची यादी केली. मग आवारातल्या झाडाखाली बसून बरोबर आणलेली भाकरी आणि ठेचा खाल्ला. मुलगा भिंतीकडे, दरवाजाकडे, पोरांच्या घोळक्याकडे असा पाहत होता, जणू त्याला सगळे चौकटीत बसवून पाहायचे होते.

त्या झाडाखाली मी त्याला ह्मोंग लोकांची हकीगत सांगितली. दक्षिण चीन, व्हिएतनाम, लाओस, थायलंड येथील डोंगरांत राहणारा हा समाज. त्यांच्या भाषेला सर्वत्र चालणारी लिपी १९५० नंतरच्या दशकापर्यंत नव्हती. लाओसच्या युद्धात अमेरिकेने त्यांच्या तरुणांना आपल्या बाजूने गुपचूप लढवले आणि १९७५ मध्ये अमेरिका निघून गेल्यावर त्यांच्यावर आकाश कोसळले. मेकाँग नदी पोहून, बांबूच्या तराफ्यावरून ते थायलंडच्या छावण्यांत आले. त्या छावण्यांत बायांनी काय केले? आपल्या आयाबाया गोधडी शिवतात, तसे कापड घेऊन त्यावर सुईदोऱ्याने सगळी गोष्ट भरली. जळणारे गाव, शिपाई, नदी, बुडणारी माणसे, पलीकडचा काठ. लिहिता येत नव्हते म्हणून सांगायचे थांबले नाही. आज अमेरिकेत तीन लाखांहून अधिक ह्मोंग आहेत, मिनेसोटा, कॅलिफोर्निया आणि विस्कॉन्सिन राज्यांत अधिक. २००८ मध्ये हॉलिवूडच्या एका मोठ्या नटाने, क्लिंट ईस्टवूडने, त्यांच्या वस्तीवर 'ग्रॅन टोरिनो' हा चित्रपट काढला. त्यात ह्मोंग मुलांना कामे दिली, हे चांगलेच. पण त्यातला प्रमुख ह्मोंग नट बी व्हँग याने नंतर जाहीरपणे सांगितले की आमचे चित्रण यात नीट झालेले नाही. शेवटी त्या गोष्टीतही तारणारा गोराच होता. आता त्यांची शिकलेली मुले स्वतः कॅमेरा घेऊन आपल्या आजीपुढे बसतात आणि तिला बोलते करतात. नंतर तशाच दुसऱ्या, कोणी न विचारलेल्या समाजांकडेही जातात.

मुलगा ऐकून म्हणाला, "काका, आपल्या आजीलापण कुणी विचारलं नाही." त्याची आजी बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडायला होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही अकोळनेरला गेलो. नगरपासून जवळच आहे. दौंड-मनमाड लोहमार्गावरचे स्टेशन, आणि तेल कंपन्यांचे डेपो असल्यामुळे रस्त्याला टँकरच टँकर. दासगणू महाराजांचा जन्म या गावी झाला म्हणून भाविकांना ते माहीत. आम्ही गेलो ते 'फँड्री'साठी. मंजुळे यांच्या पहिल्या मोठ्या चित्रपटाची कथा अकोळनेरात घडते. सिनेमातले गाव हे सिनेमातले असते, हे मला कळते. शूटिंगचा दगड शोधत फिरण्याची आमची हौस नव्हती. पण नाव खऱ्या गावाचे घेतले आहे, तर ते गाव पाहावे असे वाटले. पाहिले तर तुमच्या-माझ्या गावासारखेच. देऊळ, शाळा, पार, टपरी, आणि वस्ती गावाच्या कडेला.

'फँड्री' म्हणजे कैकाडी भाषेत डुक्कर. जब्या, म्हणजे जांबुवंत कचरू माने, हा कैकाडी घरातला शाळकरी पोरगा. घरात टोपल्या विणायच्या आणि गावाने हुकूम केला की डुकरे धरायची. कैकाड्यांच्या बाबतीत एक गोष्ट मी कचेरीत अनुभवाने शिकलो. हा समाज विदर्भात अनुसूचित जातीत आहे आणि उरलेल्या महाराष्ट्रात विमुक्त जातीत. जिल्हा बदलला की दाखल्यावरचा रकाना बदलतो, डोक्यावरची टोपली तीच राहते. १८७१ च्या कायद्याने इंग्रजांनी ज्यांना जन्मतः गुन्हेगार ठरवले, त्यांत हे लोक होते. १९५२ मध्ये तो शिक्का कायद्याने पुसला. गावाच्या मनातला कोण पुसणार?

चित्रपटात एक जागा आहे. बहिणीच्या लग्नाला पैसे हवेत म्हणून सगळे घर डुकराच्या मागे धावत असते आणि ऐन धरण्याच्या वेळी शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येते. सगळे जागच्या जागी ताठ उभे राहतात. डुक्कर राष्ट्रगीताला थांबत नाही, पळून जाते. मी हे पाहताना थिएटरात काही लोक हसले होते. मला हसू आले नाही. ज्यांना देशाने काही दिले नाही, तेच सर्वांत ताठ उभे होते. नंतर बांधलेले डुक्कर काठीला टांगून बापलेक शाळेच्या भिंतीवरून जातात. भिंतीवर बाबासाहेब आहेत, सावित्रीमाई आहेत, गाडगेबाबा आहेत. कोणी एक शब्द बोलत नाही. आणि शेवटी जब्याने भिरकावलेला दगड सरळ पडद्याबाहेर, आपल्याकडे येतो.

आपल्यातले काही कार्यकर्ते म्हणतात, हे चित्रपट आपली लाचारीच दाखवतात, आपला लढा कोठे दाखवतात? मला हे म्हणणे पटत नाही. दगड मारणारा हात लाचार नसतो. परंतु 'सैराट'बद्दल माझी तक्रार आहे, ती दिग्दर्शकाबद्दल नाही, प्रेक्षकाबद्दल आहे. २०१६ चा तो चित्रपट शंभर कोटींच्या पुढे गेला. मराठीत असे प्रथमच घडले. त्यातल्या 'झिंगाट'वर वरातीत सगळ्या जातींचे लोक नाचले, आपलेही नाचले. पण शेवटच्या दहा मिनिटांत पडद्यावर जे लेकरू रक्ताची पावले उमटवत दाराबाहेर येते, त्यावर किती घरांत बोलणे झाले?

आता खर्डा. वेळ नव्हता म्हणून तिकडे गेलो नाही. खरे सांगायचे तर मुलाला घेऊन जाण्याचे धाडसही झाले नाही. जामखेडच्या पुढे हे गाव, १७९५ च्या लढाईमुळे इतिहासात आहे. 'फँड्री' १४ फेब्रुवारी २०१४ ला प्रदर्शित झाला. २८ एप्रिल २०१४ ला खर्ड्यात आपल्या समाजातील सतरा वर्षांच्या विद्यार्थ्याची हत्या झाली. प्रेत झाडाला लटकलेले मिळाले. वरच्या जातीच्या मुलीशी बोलतो, हे कारण फिर्यादीत होते. मधे फक्त अडीच महिने. पडद्यावरच्या जब्याने चिमणीची राख शोधली, खर्ड्याच्या पोराला तेवढीही सवड मिळाली नाही. साक्षीदार फितूर झाले आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये नगरच्या न्यायालयातून सगळे आरोपी निर्दोष सुटले. त्याच महिन्यात, त्याच नगरात, कोपर्डीच्या दुर्दैवी मुलीच्या खटल्यात तिन्ही आरोपींना फाशीची शिक्षा झाली. तिच्या आईबापाला न्याय मिळाला याचे समाधानच आहे. पण खर्ड्याच्या आईबापाने कोणाकडे पाहावे? १ जानेवारी २०१३ ला सोनईत तीन मेहतर तरुणांची हत्या झाली होती. त्या खटल्यात २०१८ मध्ये नाशिकच्या न्यायालयाने सहा जणांना शिक्षा ठोठावली. म्हणजे शिक्षा होऊ शकते. साक्षीदार टिकले पाहिजेत.

आणि कॅमेरा आता सगळ्यांच्याच खिशात आहे, हेही विसरता येत नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये श्रीरामपूर तालुक्यातील हरेगावात कबुतरे चोरल्याच्या संशयावरून चार मुलांना झाडाला उलटे टांगून मारले. त्याची छायाचित्रे मोबाइलवरून गावोगाव फिरली. हरेगाव म्हणजे जेथे १९३९ मध्ये बाबासाहेबांनी वतनदारांच्या परिषदेत भाषण केले ते गाव. मोबाइल कोणाच्या हाती आहे आणि तो हात काय बघतो, यावर सगळे आहे.

परतीच्या गाडीत मी हिशेब मांडला. जमेच्या बाजूला मंजुळे, कऱ्हाडे, वाघमारे. बार्शीचे विनोद कांबळे यांचेही नाव लिहिले. त्यांच्या 'कस्तुरी'त सफाई आणि शवविच्छेदनाचे काम करणाऱ्या घरातला मुलगा अंगाचा वास जावा म्हणून अत्तर शोधतो. त्या चित्रपटाला उत्कृष्ट बालचित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मुलगा म्हणाला, "तो पिक्चर माझाच आहे, काका." खर्चाच्या बाजूला लिहिले : दोन वर्षांची फी, खोलीभाडे, खानावळ, आणि त्यानंतर किती वर्षे हात रिकामा राहील ते. जे पुढे गेले त्यांची नावे आपल्याला पाठ असतात. कॅमेरा घेऊन निघालेली आणि मधेच लग्नाची शूटिंग करत राहिलेली मुले किती, याची नोंद कोणत्याही वहीत नाही. अर्थात लग्नाची शूटिंग हेही पोट भरण्याचे काम आहे, त्याला कमी लेखू नये.

आईने सगळे ऐकून घेतले. मग म्हणाली, "भाऊ, झाडूची नोकरी गेली तर परत मिळंल का?" मी म्हणालो, नियम वाचून सांगतो. मुलगा म्हणाला, त्याला त्याच्या आजीवर पहिले चित्रण करायचे आहे, आणि त्यासाठी कॉलेज सुरू व्हायची वाट पाहायची गरज नाही. आजी म्हणाली, नवे लुगडे आणा मग बोलते.

लुगडे आणले आहे. वारसा हक्काचा अर्ज कचेरीत दिला आहे आणि नगरचा प्रवेश अर्जही भरला आहे. दोन्हींचे उत्तर यायचे आहे.